इंग्रजीतलं उद्गारचिन्ह: कुठं शोभतं, कुठं खटकतं? अनुभव येऊ द्यात

कृष्णाकाठ (सांगली): इंग्रजी वाक्य संपलं की उद्गारचिन्ह ठोकायचंच, अशी रीत पडलीय. परवा एका ग्रुपवर 'रेस्ट इन पीस!!!' वाचलं. श्रद्धांजली वाहिली की पार्टी दिली, कळेना. तुमचं काय म्हणणं?

हळदवाला: मार्केट यार्डात आमचं हळदीचं काम. आमचं पोरगं बाहेरच्या पार्टीला मेल करतं, 'प्लीज रिलीज द पेमेंट!!' मी दोन्ही काढायला लावतो. वसुलीचं पत्र थंड डोक्याचं पाहिजे. बिलाचा नंबर, तारीख, पूर्णविराम. समोरचा काय ते समजतो. पैसे आल्यावर 'थँक यू!' खुशाल लिही म्हणतो, पण एकच.

पोवईनाका: साताऱ्यात टायपिंग शिकवायचो. आमच्या जुन्या इंग्रजी मशीनला या चिन्हाची कळच नव्हती. अपॉस्ट्रॉफी मारायची, बॅकस्पेस दाबायचा, त्याच जागी पूर्णविराम. एवढा खटाटोप असल्यावर तीन-तीन कोण मारतंय!

बाई, वाई: आठवीच्या वह्या तपासते. 'अरेरे! अबब!' मराठीत घोटून घेतलेलं असतं, म्हणून पोरं इंग्रजीतही 'ओह! आय सी!' लिहितात. तिथं भावना साधी असेल तर स्वल्पविराम पुरतो: 'ओह, आय सी.' 'व्हॉट अ कॅच!' ला मात्र हवंच. आणि बोलणारा ओरडला असेल तर चिन्ह अवतरणाच्या आत: शी शाउटेड, "फायर!" त्यापुढं परत टिंब देऊ नका. हे टिंब खोडण्यातच माझी लाल शाई संपते. (मराठीत विरामचिन्हं रुळवली एकोणिसाव्या शतकातल्या इंग्रज मेजर कँडीनं, तीही इंग्रजीवरूनच.)

घोडाअडीचघर: बुद्धिबळाचा प्रसार करणाऱ्या भाऊसाहेब पडसलगीकरांच्या सांगलीत बुद्धिबळाचा विषय निघणारच. डाव लिहिताना चांगल्या चालीपुढं एक उद्गारचिन्ह, अफलातून चालीला दोन, घोडचुकीला दोन प्रश्नचिन्हं. अख्ख्या डावात एकही '!!' नसेल तर कुणाला वाईट वाटत नाही. मेल लिहिणाऱ्यांनी एवढी कंजुषी शिकावी.

विश्रामबागकर: मेलपुरतं मान्य. पण मुलगी पुण्यात आयटीत आहे, तिला चॅटवर 'ओके.' पाठवलं की लगेच फोन, "बाबा, रागावलात का?" 'ओके!' पाठवलं की सगळं सुरळीत. पत्राचा कायदा चॅटला लावू नका.

हळदवाला: आणि उधारी चॅटवर मागायची असली तर?

विश्रामबागकर: तिथं पूर्णविरामच. रागावलाय वाटलं तर बरंच की.