खोडव्यातलं पाचट: कुजवायचं की बेलरवाल्याला द्यायचं?

काळी_माती:
राम राम मंडळी. शिरोळ तालुका, भारी काळं रान, दीड एकर ऊस, जात को ८६०३२, साडेचार फुटी सरी, पाटपाणी. पुढच्या आठवड्यात तोड आहे, खोडवा (तोडलेल्या उसाच्या बुडख्यांतून पुन्हा फुटणारं पीक) ठेवायचाय. या वेळी पाचटाला, म्हणजे उसाच्या वाळल्या पानांना, काडी लावायची नाही हे पक्कं. बेलरवाला यंत्रानं गठ्ठे बांधून फुकट न्यायला तयार आहे, कारखान्याच्या बॉयलरला जातं म्हणतो. द्यावं का? रानातच कुजवायचं तर क्रम आणि प्रमाण सांगा. शेजारच्या रानात कुजवलं तर खोडवा पिवळा पडला, ते कशानं? आणि पाचटानं भरलेल्या सरीतून पाणी शेवटापर्यंत जातं का?

पहार_आणि_खत:
पिवळा पडण्यापासून सुरू करतो, कारण तिथंच बहुतेक जण हार मानून पुन्हा काडीपेटी काढतात. पाचटात कर्ब भरपूर, नत्र जेमतेम अर्धा टक्का. कुजवणारे जिवाणू वाढायला लागले की कमी पडलेला नत्र जमिनीतून ओढतात आणि कोवळ्या कोंबांची उपासमार होते. म्हणून पाचटावर वरून नत्र द्यावाच लागतो.

तोड झाली की वाढी (उसाचे हिरवे शेंडे) जनावरांना काढून घ्या. पाचट सरीत ओढा, बुडख्यांवर एक पातही राहू देऊ नका. मग धारदार कोयत्यानं बुडखे जमिनीलगत छाटा. वर राहिलेल्या कांडीवरचा डोळा आधी फुटतो, पण त्याच्या मुळ्या मातीत उतरत नाहीत आणि तो फुटवा पुढं मरतो. हे काम दोन-चार दिवसांत उरका. उशीर झाला तर कोयत्याखाली कोंबच सापडतात. छाटलेल्या बुडख्यांवर कार्बेन्डाझिम, लिटरला १ ग्रॅम. नोझल बुडख्यावरच धरा, सरीतल्या पाचटावर नको. कुजवणाऱ्या संवर्धकात ट्रायकोडर्मासारख्या बुरश्या असतात, त्या या औषधानं मरतात.

त्यानंतर पाचटावर एकरी ३२ किलो युरिया आणि ४० किलो सिंगल सुपर फॉस्फेट फोका. संवर्धक एकरी ४ किलो, चाळलेल्या शेणखतात मिसळून वेगळा टाका. युरियात कालवू नका. लगेच पाणी द्या. पायानं पाचट दाबून मातीला टेकवलं की कुजणं लवकर सुरू होतं. थंडीत ते सावकाश चालतं, मार्चपर्यंत पाचट तसंच दिसलं तरी घाबरू नका.

हे झालं पाचटाचं खत. पिकाचं वेगळं, आणि ते पहारीनंच. वर फेकलेलं खत पाचटावरच अडकतं. तोडीपासून १५ दिवसांत वाफशावर (माती ओलसर पण चिखल नसताना), बुडख्यापासून अर्ध्या फुटावर, १५ ते २० सेंटिमीटर खोल भोक, दोन भोकांत एक फूट. माती परीक्षण नसेल तर एकरी १३० किलो युरिया, १७५ किलो सुपर फॉस्फेट, ४७ किलो पोटॅश. तेवढंच पुन्हा १३५ दिवसांनी, बेटाच्या दुसऱ्या बाजूला. मातीनं भोक बुजवायला विसरू नका.

बांधावरचा:
बेलरबद्दल माझं मत: खोडवा ठेवणार असाल तर देऊ नका. एकरातून ३ ते ४ टन पाचट निघतं. त्यात १५ ते २० किलो नत्र आणि २५ ते ३५ किलो पालाश, म्हणजे जवळजवळ पोटॅशचं एक पोतं. पण खरा तोटा सेंद्रिय कर्बाचा, तो कुठल्याच पोत्यात मिळत नाही. जाळलं तर पालाश निदान राखेत उरतो, नत्र आणि गंधक उडून जातात. गठ्ठ्याबरोबर मात्र सगळंच बांधाबाहेर. वर काळ्या रानात ओल असताना ट्रॅक्टर फिरला की सरी दबते.

"पेटवलं की फुटवा जोरात येतो" असं लोक म्हणतात. बुडखा उघडा पडून त्याला ऊन लागतं, एवढंच त्यातलं खरं. बुडखे मोकळे करून छाटले की तेच मिळतं, शिवाय आगीनं मातीतले जीव जात नाहीत.

गव्हाण:
थोडा फरक करतो. रानात हुमणी (मुळं खाणारी अळी) किंवा काणी, गवताळ वाढ हे उसाचे रोग असतील तर खोडवा ठेवूच नका. तिथं बेलरला पाचट देणं रास्तच. ते जाळायचंच असेल तर रानात धूर करण्यापेक्षा बॉयलरमध्ये जळून त्याची वाफ आणि वीज झालेली शंभरदा बरी. मात्र खोडव्याच्या रानातून द्यायचंच झालं तर एकाआड एक सरी द्या.

पाण्याचं: पहिलं पाणी हमखास रेंगाळतं, कारण पाचट तरंगून पुढं गोळा होतं आणि सरीचं तोंड चोंदतं. दांडाजवळचं (सऱ्यांना पाणी देणाऱ्या पाटाजवळचं) पाच-सहा फूट पाचट मागं सारून तोंड मोकळं ठेवा आणि एका वेळी कमी सऱ्या धरा. ते एकदा भिजून बसलं की दुसऱ्या पाण्यापासून अडत नाही. मग पाण्याची पाळी लांबवा. वरून कोरडं दिसलं तरी हात घालून माती बघा, खाली ओल असते. भारी रानात सवयीनं पाणी देत राहिलात तर बुडात पाणी साचून फुटवे पिवळे पडतात आणि दोष पाचटाला जातो.

आणि कडेनं, बांधालगत दहा फूट पट्टा पाचटाशिवाय ठेवा. शेजारचं कुणी पेटवणार असेल तर त्या बाजूच्या सऱ्या आधी भिजवा. वाळल्या पाचटात एक ठिणगी पडली तर फुटलेला खोडवा सगळा होरपळतो.

काळी_माती:
पिवळेपणाचं कारण कळलं. शेजाऱ्यांनी युरिया टाकलाच नव्हता. नांग्या, म्हणजे फुटवा न आलेल्या मोकळ्या जागा, कधी भरायच्या?

पहार_आणि_खत:
महिन्याभरात फुटवा दिसला की. दोन फुटांपेक्षा जास्त मोकळं असेल तिथं पिशवीतलं किंवा ट्रेमधलं रोप, त्याच जातीचं. पाचट बाजूला करून मातीत लावा, पाचटात नको. रोपं तोडीच्या दिवशीच तयार करायला टाका, म्हणजे वेळेवर हाताशी येतात.