मदत हवी आहे: सगळे विरोध पूरक रंगांसारखे मानता येतील का?

मंडळी, एक तत्त्वज्ञान रचायचा उद्योग चाललाय. गाभा असा: दोन विरोधी मतं म्हणजे पूरक रंगांचे दोन झोत. निळा आणि पिवळा प्रकाश योग्य प्रमाणात एकावर एक पाडला की पांढरा दिसतो. कुणी हरत नाही, उजेड वाढतो. इथवर छान.

पण तेच रंग कुंचल्याने मिसळले तर हिरवट, गडद काहीतरी होतं, कारण प्रत्येक रंगद्रव्य थोडा प्रकाश गिळतं. म्हणजे एका समन्वयात बेरीज, दुसऱ्यात वजाबाकी. (बहुतेक तडजोडी मला दुसऱ्या जातीच्याच वाटतात!)

खरी अडचण पुढे आहे. काळोख हा प्रकाशाचा नुसता अभाव. मग न्याय-अन्याय ही जोडी निळ्या-पिवळ्यासारखी की उजेड-काळोखासारखी? दुसरी असेल तर समन्वय कशाचा करणार? जर्मन कवी गटेने 1810 मध्ये रंग उजेड-काळोखाच्या भेटीतून जन्मतात असं मांडलं होतं, पण भौतिकशास्त्र न्यूटनच्याच बाजूने राहिलं (पांढऱ्या प्रकाशातच सगळे रंग असतात, ही त्याची बाजू).

जैन अनेकांतवाद (सत्याला अनेक बाजू असतात हे मत) जाणणारं कुणी आहे का इथे? तिथे सगळे विरोध एकाच तोलाचे धरतात का? ‘अवक्तव्य’ (शब्दांत सांगता न येणारं) हा तिथला भंग, म्हणजे विधानाचा प्रकार, माझ्या पांढऱ्या प्रकाशाच्या जागी बसेल का? स्पष्ट सांगा, कल्पना मोडली तरी चालेल.