पिल्लाची पापणी आत वळलीये, काय करू?

प्रश्न: आमचा पग जातीचा कुत्रा, गुंड्या, तीन महिन्यांचा. उजवा डोळा सारखा मिचकावतो, पंजाने चोळतो. काल टॉर्च मारून पाहिलं तर खालच्या पापणीची कडा आत वळून केस थेट बुबुळावर घासतायत. आई म्हणते गुलाबपाणी घाल. ऑपरेशन लागेल का?

उत्तर १: गुलाबपाणी नको दादा! आमच्या लॅब्रडॉर कुत्रीला हेच होतं, एन्ट्रोपियन म्हणतात. मी शहाणपणा करून घरातले जुने ड्रॉप्स घातले, त्यात निघालं स्टेरॉइड. बुबुळावर जखम असताना ते म्हणजे आगीत तेल. डॉक्टरांनी डोळ्यात रंग टाकला, जखम हिरवी चमकली, आणि माझा चेहरा पडला. चार महिन्यांचीच होती, म्हणून पापणी कापली नाही. तात्पुरते टाके घालून बाहेर वळवली. चेहरा वाढतो तसं कधीकधी आपोआप सुटतं. आमचं नाही सुटलं, वर्षाची झाल्यावर ऑपरेशन. डोळा चोळू नये म्हणून गळ्यात घातलेला प्लास्टिकचा भोंगा तिने दोनदा फोडला, ते वेगळंच.

उत्तर २: डोळ्याच्या कोपऱ्यात लाल गोळा दिसतो का? ती निराळी भानगड, चेरी आय. तो गोळा म्हणजे बाहेर आलेली ग्रंथी, ती अश्रू बनवते, कापून टाकू देऊ नका. आत बसवून घ्या.

प्रश्नकर्ता: गोळा नाही. उद्या सकाळीच नेतो. गुलाबपाणी आईने स्वतःच कपाटात ठेवलंय.