‘द रिंग’मधील मेबल: नायिका की बक्षीस?

जुनापडदा: आल्फ्रेड हिचकॉकच्या ‘द रिंग’ (१९२७) या मूकपटात जत्रेच्या तंबूत झुंजणारा जॅक, तिथेच तिकिटे विकणारी त्याची वाग्दत्त वधू मेबल आणि ऑस्ट्रेलियन विजेता बॉब कॉर्बी असे तिघे आहेत. पटकथेचे श्रेय एकट्या हिचकॉकला दिले गेले आहे, त्यामुळे दोषही त्याच्याच पदरी घालावा लागतो. मेबलला स्वतःचे मन असावे असे त्याला कुठे वाटलेलेच दिसत नाही. जो वरचढ, त्याच्याकडे ती झुकते. जत्रेतल्या लढतीच्या कमाईतून बॉब तिला सर्पाकृती वाकी देतो, तेव्हाच तिची किंमत ठरून जाते.

उलटतपासणी: असहमत. लंडनच्या अल्बर्ट हॉलमधील अखेरच्या सामन्यात ती वरचढाकडे जात नाही. जॅक मार खात असताना ती त्याच्या कोपऱ्यात येऊन उभी राहते. वाकीचेही तसेच. लग्नात जॅक बोटात अंगठी घालतो त्याच क्षणी ती वाकी दंडावरून घसरून मनगटाशी येते, आणि मेबलची घालमेल मूकपटातली संवादाची एकही पाटी न दाखवता कळते. (रिंगण, अंगठी आणि वाकी हे तिन्ही अर्थ इंग्रजी शीर्षकात एकत्र नांदतात, मराठीत तशी सोय नाही.)

जुनापडदा: कोपऱ्याचा मुद्दा मान्य, ‘वरचढ’ हा शब्द मी मागे घेतो. तरीही ती परतते आणि जॅकच्या ठोशांना बळ येते, म्हणजे तिच्या निर्णयाचा उपयोग पुन्हा त्याच्या विजयापुरताच उरतो. घालमेल दिसते ती मेबल साकारणाऱ्या लिलियन हॉल-डेव्हिसच्या चेहऱ्यामुळे. कागदावर ती असेल असे मला वाटत नाही.

तिसरीफेरी: आपण दोघेही कथेतच अडकला आहात. जॅकसमोर कोणी पहिल्या फेरीपलीकडे टिकतच नाही, म्हणून फेरीचा क्रमांक दाखवणारी ‘१’ची पाटी मळून झिजलेली आणि ‘२’ची कोरी करकरीत, मेबलची वाट पाहता पाहता शॅम्पेनचे बुडबुडे विरून जातात, ऋतू पालटतात तसतसे जॅकचे नाव जाहिरातफलकावर वर सरकते. हे सारे छायाचित्रकार जॅक कॉक्सच्या हातून पडद्यावर आले, आणि नायक कार्ल ब्रिसन स्वतः पूर्वाश्रमीचा मुष्टियोद्धा असल्याने झुंजी नाटकी वाटत नाहीत. मला खरे खटकते ते वेगळेच: सुरुवातीच्या जत्रेत एका कृष्णवर्णीय माणसावर अंडी फेकली जातात आणि गर्दी हसते. मेबलची बाजू निदान मांडता तरी येते.

उलटतपासणी: त्या दृश्याचे समर्थन मीही करणार नाही. मात्र शेवटी रिंगणाशेजारी सापडलेली ती वाकी पुन्हा बॉबच्याच हाती येते, हे जुनापडदा यांनी एकदा पाहावे.