मदत हवी आहे: पिल्लू खाली काहीच करत नाही, घरात आल्या आल्या शू!

मंडळी, प्लीज मदत करा. तीन महिन्यांचं देशी पिल्लू आणलंय, मुलगी आहे, नाव चकली. भांडुपला चौथ्या मजल्यावर वन बीएचके, बाल्कनी आधीच्या मालकाने हॉलमध्ये घेतलीये त्यामुळे तो ऑप्शन नाही. एनर्जीचं तर विचारूच नका, सोफ्यावरून टीपॉयवर, तिथून थेट सासूबाईंच्या मांडीत, आणि या धिंगाण्यात मध्येच थांबून गोल गोल फिरते की झालं, पायपुसण्यावर शू. टाइल्सवर नाही हं, पायपुसणं नाहीतर चादर, मऊच लागतं बाईसाहेबांना.

डॉक्टर म्हणाले लसींचे डोस पूर्ण होईपर्यंत भटकी कुत्री फिरतात तिथे सोडू नका, पार्व्होची भीती, म्हणजे पिल्लांना होणारा तो जीवघेणा संसर्ग. म्हणून बिल्डिंगच्या मागे बंद कोपऱ्यात उचलून नेते, तिथे ती कावळे बघते, पानं चावते, बाकी काही नाही, आणि वर येऊन दार उघडलं की लगेच! वॉचमनकाका म्हणतात नाक घासा त्यात, मला नाही पटत ते. सासूबाई फिनेल मारतात तरी परत तीच जागा. त्यात हा पाऊस, आणि लिफ्टवरून सेक्रेटरींची कुरकुर वेगळीच. आत्ता बाथरूमची सवय लावली तर पुढे बाहेर करेल का?

प्रतिसाद:
करेल, बिनधास्त लावा. नाक अजिबात घासू नका, तुमच्यासमोर करायला घाबरेल आणि सोफ्यामागे जाऊन करेल. आधी पायपुसणी उचला सगळी. फिनेलने आपल्याला वास येत नाही, तिला येतो, शिवाय ते पंजे चाटून पोटात जातं. पेट शॉपमध्ये एन्झाइमवालं क्लीनर मिळतं ते आणा. झोपून उठली, जेवली, खेळून दमली की लगेच बाथरूममध्ये पसरलेल्या पेपरवर, पट्टा लावूनच न्या म्हणजे पेपर फाडायला मोकळी राहणार नाही. या वयात जागेपणी तीनेक तास म्हणजे डोक्यावरून पाणी, खेळताना तर त्याहून लवकर लागते. केलं की तिथेच, त्याच क्षणी खाऊ, किचनमध्ये जाऊन डबा उघडेपर्यंत ती विसरलेली असते.

खाली नेताना तिच्या शूचा पेपरचा तुकडा त्या कोपऱ्यात ठेवा. आणि केल्या केल्या वर आणू नका, थोडं खेळू द्या, नाहीतर शू केली की मजा संपते असं समजून धरून ठेवतात ही पोरं.

दुसरा प्रतिसाद:
ताई, थेंब थेंब सारखी होत असेल तर युरीन तपासून घ्या, इन्फेक्शन असेल तर ट्रेनिंगचा काही उपयोग नाही. पावसात साचलेल्या पाण्यातून नेऊ नका, लेप्टोची (उंदरांच्या लघवीतून, साचलेल्या पाण्यातून होणारा आजार) लस झालीये का तेही डॉक्टरांना विचारा. लिफ्टचं म्हणाल तर ॲनिमल वेल्फेअर बोर्डाच्या २०१५ च्या गाइडलाइन्सप्रमाणे सोसायटीला पाळीव कुत्र्यांना लिफ्टबंदी करता येत नाही, प्रिंटआउट काढून द्या सेक्रेटरींना. फक्त लिफ्टमध्ये तिला कडेवर घ्या, तिथे शू झाली तर गाइडलाइन्स कोणी वाचणार नाही.