रेकॉर्डवर न आलेलं कडवं
सिनेमातलं जुनं गाणं रेकॉर्डपेक्षा लांब वाटतं, कारण अनेकदा ते असतंच लांब. ७८ आरपीएमच्या (मिनिटाला ७८ फेरे घेणाऱ्या) १० इंची तबकडीवर एका बाजूला जेमतेम सव्वातीन-साडेतीन मिनिटं मावत. मग एखादं कडवं नाहीतर मधला वाद्यमेळ कापला जाई. दोन्ही रूपं ऐकाच, कापलेलं कडवं कधीकधी सगळ्यात सुंदर असतं!

७८च्या तबकडीला एलपीची, म्हणजे नंतरच्या लाँग-प्ले रेकॉर्डची बारीक सुई लावू नका. ती रुंद खाचेच्या तळाशी घासते, खरखर वाढते. साधारण ३ मिलची (मिल म्हणजे इंचाचा हजारावा भाग) सुई हवी. डिजिटल करताना वेग ६ टक्के वाढला, तर काळी एकचं गाणं पांढरी दोनमध्ये, म्हणजे पेटीवरच्या लगतच्या वरच्या पट्टीत जातं आणि ओळखीचा गळा पातळ, परका वाटतो. खरखर काढायचा फिल्टरही बेतानंच. अति झाला की घुंगरू, खंजिरी, गायिकेचा श्वास सगळंच पुसलं जातं.