प्रेबेन एल्केर : लीगमध्ये फक्त ८ गोल, मग युरोपात दुसरा नंबर कसा?

रंकाळा_अकरा

नमस्कार मंडळी. मी कोल्हापूरचा, तालमीच्या टीमकडून फॉरवर्ड खेळतो. जुन्या युरोपियन मॅच शोधून बघायचा नाद लागलाय आणि सध्या १९८४-८५ च्या इटालियन लीगवर येऊन अडकलोय. त्या वर्षी हेलास वेरोना चॅम्पियन झाली. मॅराडोना नापोलीत, प्लातिनी युव्हेंटसमध्ये, झिको उदिनेसेत, आणि लीग जिंकली वेरोनाने! त्यांचा फॉरवर्ड डेन्मार्कचा प्रेबेन एल्केर लार्सन. १९८५ च्या बॅलन डी'ओरमध्ये, म्हणजे युरोपातल्या वर्षाच्या सर्वोत्तम खेळाडूच्या पुरस्कारात, तो प्लातिनीच्या मागे दुसरा आला, आदल्या वर्षी तिसरा होता.

पण आकडे बघितले तर लीगमध्ये त्याचे गोल ८. त्याच्याच टीमच्या गाल्देरिसीचे ११ आणि ब्रिगलचे ९. ब्रिगल तर फॉरवर्डसुद्धा नव्हता. मग फॉरवर्डला एवढा मान कशावरून मिळाला? नुसत्या बूट न घालता मारलेल्या त्या गोलामुळे का? आणि तो गोल नियमात कसा बसला? आमच्याकडे रेफ्रीने शिट्टी मारली असती.

जाणकारांनी सांगावं. मला स्वतःच्या खेळासाठीही समजून घ्यायचंय.

स्टॉपर_जुना

आधी नियमाचं सांगतो. खेळता खेळता बूट आपोआप निघाला आणि त्याच ओघात खेळाडूने बॉल खेळला, गोल मारला, तर गोल वैध. आजच्या नियमात तर हे स्पष्ट लिहिलेलं आहे. बॉल पुढच्या वेळी मैदानाबाहेर जाईपर्यंत बूट घातला म्हणजे झालं. तेव्हा तुमच्या रेफ्रीने शिट्टी मारली तर त्याला नियम दाखव.

आता मुद्द्याचं. मी सगळी उमेद स्टॉपर खेळलो, आता पोरांना शिकवतो. त्यामुळे फॉरवर्ड बघताना मी एकच गोष्ट बघतो, हा माझ्यासमोर असता तर मला कुठे उभं राहावं लागलं असतं? एल्केरच्या बाबतीत उत्तर असं, की मला माझ्या गोलीच्या जवळ उभं राहावं लागलं असतं. त्याला मोकळी जागा दिली की तो बॉल घेऊन सरळ अंगावर यायचा. डावीकडे ओढत न्यायचा, पुन्हा आत वळायचा, खांद्याला खांदा लागला तरी पडायचा नाही. असा माणूस समोर असला की दोन डिफेंडर त्याच्याकडे ओढले जातात आणि मागून धावत येणाऱ्याला कोणी धरत नाही. ब्रिगलचे ९ गोल तू मोजलेस ना? तो जर्मन गडी मागून मुसंडी मारत यायचा. त्याला शिरायला जी फट मिळायची, ती करून देणारा पुढे एल्केर होता.

दुसरं, त्या काळची सेरी आ, म्हणजे ही इटालियन लीग, आकड्यांत आजच्यासारखी वाचू नकोस. १६ टीम, ३० मॅच, विजयाला २ गुण. प्रत्येक फॉरवर्डच्या मागे एक माणूस चिकटलेला आणि त्याच्याही मागे लिबेरो, म्हणजे कोणालाच न चिकटलेला शेवटचा डिफेंडर, मोकळा. शिवाय बॅकपास गोलीने हातात धरायला बंदी नव्हती, ती १९९२ ला आली. म्हणजे डिफेंडरवर कितीही दाब आणला तरी त्याने बॉल मागे गोलीला दिला की सुटला. त्या सीझनला सगळ्यात जास्त गोल प्लातिनीचे, १८. चॅम्पियन वेरोनाने सगळ्या लीगमध्ये मिळून ४२ मारले आणि १९ खाल्ले. १५ विजय, १३ बरोबरी, २ पराभव, ४३ गुण. अशा टीममध्ये ८ गोल कमी नाहीत.

आणि ते ८ कधी पडले ते बघ. उदिनेला उदिनेसेविरुद्ध वेरोना ३-० पुढे होती, बघता बघता ३-३ झाली. लीग हातची जाते की काय अशी वेळ. तिथून वेरोनाने ५-३ ने मॅच काढली, शेवटचे दोन गोल एल्केर आणि ब्रिगलचे. १२ मे १९८५ ला बेर्गामोत अटलांटाविरुद्ध एक गुण मिळाला की विजेतेपद पक्कं होतं. अटलांटाने आधी गोल मारला. दुसऱ्या हाफमध्ये बरोबरी केली एल्केरने. वेरोनाच्या इतिहासातलं ते एकमेव विजेतेपद आहे आणि ते पक्कं करणारा गोल त्याचा आहे. आकड्यात तो एकच धरला जातो.

आता तो बिनबुटाचा गोल. १४ ऑक्टोबर १९८४, बेंतेगोदी स्टेडियम, समोर युव्हेंटस. वेरोना १-० पुढे. त्याला डावीकडे लांब पास मिळाला. सोबत पळत होता युव्हेंटसचा डिफेंडर पिओली. हाच स्तेफानो पिओली पुढे मिलानचा कोच म्हणून लीग जिंकला. पिओलीने घसरून टॅकल टाकला, त्यात एल्केरच्या उजव्या पायातला बूट निघाला. इथे थांबवून बघ. माणूस अडखळतो, पण नजर खाली बुटाकडे जात नाही, बॉलवरच राहते. तसाच बॉक्समध्ये शिरतो. दुसरा डिफेंडर फावेरो आडवा येतो, त्याला शॉटची हूल देऊन आत घेतो आणि फावेरो खाली बसतो. मग ज्या पायात फक्त मोजा आहे त्याच पायाने जमिनीलगत शॉट. गोली ताक्कोनीला तो अडवता आला नाही. २-०.

लोक मोज्याचं कौतुक करतात. मला कौतुक आहे ते टॅकल बसल्यानंतरच्या दोन पावलांचं. आपल्याकडची पोरं टॅकल लागला की रेफ्रीकडे बघतात. मी हा गोल त्यांना दाखवतो तो तेवढ्यासाठी.

ओडेन्सकर

मी बरीच वर्षं डेन्मार्कमध्ये आहे, म्हणून इकडची बाजू मांडतो. वर वेरोनाचं छान आलंय, पण बॅलन डी'ओरची मतं फक्त लीगवर पडत नाहीत. एल्केर इथल्या लोकांच्या मनात बसलाय तो राष्ट्रीय टीममुळे. ६९ मॅच, ३८ गोल. मिकाएल लाउड्रुपचे १०४ मॅचमध्ये ३७ आहेत. योन डाल टोमासनचे ५२, पण त्याला ११२ मॅच लागल्या. तेव्हा गोल मारता येत नव्हते म्हणून आकडे कमी, असं कोणी म्हणू नये.

१९८५ च्या मतांसाठी एक मॅच जरूर बघा. ५ जून १९८५, कोपनहेगनचं इड्रेट्सपार्कन, वर्ल्ड कपच्या पात्रता फेरीत सोव्हिएत युनियन समोर. डेन्मार्क ४-२ ने जिंकलं. दोन एल्केरचे, दोन लाउड्रुपचे. डेन्मार्क त्याआधी कधी वर्ल्ड कपला गेलंच नव्हतं. इथली वयस्कर माणसं १९९२ च्या युरो विजेतेपदाइतक्याच प्रेमाने या मॅचबद्दल बोलतात, काही तर जास्तच.

यामागची परिस्थितीही समजून घ्या. डेन्मार्कमध्ये फुटबॉल व्यावसायिक झाला तो १९७८ ला. त्याआधी ज्याला पैसे कमवायचे त्याने देश सोडायचा, आणि १९७१ पर्यंत तर असा बाहेर गेलेला खेळाडू राष्ट्रीय टीममध्येसुद्धा घेत नसत. एल्केर कोपनहेगनच्या वान्लोसे क्लबचा पोरगा. विशीच्या आत जर्मनीला कलोनला गेला. तिथे कोच हेनेस वाइसवाइलर कडक शिस्तीचा, दोघांचं पटलं नाही, खेळायला फार मिळालं नाही. १९७८ ला बेल्जियमच्या लोकेरेनला गेला आणि तिथे सहा वर्षं राहिला. त्या छोट्या गावच्या टीममध्ये पोलंडचे लुबान्स्की आणि लातो त्याच्यासोबत होते, आणि १९८०-८१ ला ही टीम लीगमध्ये दुसरी आली. एल्केर घडला तो लोकेरेनला, असं माझं मत. इटलीत गेला तेव्हा तो २६ पूर्ण करून तयार झालेला खेळाडू होता.

त्याच्या सिगारेटींचे आणि रात्रींचे किस्से सगळीकडे फिरतात. मला ते ऐकून कंटाळा आलाय. जर्मन कोच सेप पिओन्टेक १९७९ ला राष्ट्रीय टीमवर आला, त्याने दंड लावले, सराव कडक केला, आणि याच एल्केरला हक्काने पुढे खेळवलं. किस्से सांगणारे हे सांगत नाहीत.

आणि १९८४ ची युरो. स्ट्रासबुर्गला बेल्जियमविरुद्ध डेन्मार्क ०-२ मागे, तिथून ३-२, तिसरा गोल एल्केरचा. मग लियाँला स्पेनविरुद्ध सेमीफायनल, १-१, टायब्रेकर. पहिल्या चौघांनी गोल केले. पाचवा एल्केर. त्याने बॉल बारवरून मारला. त्याची चड्डी मागून फाटलेली होती, टीव्हीवर सगळ्यांनी बघितलं. साराबियाने स्पेनचा पाचवा मारला आणि डेन्मार्क बाहेर. इथे त्या पेनल्टीबद्दल कोणी त्याला दोष दिलेला मी ऐकला नाही. १२० मिनिटं तो कसा पळाला होता ते लोकांनी पाहिलं होतं.

रंकाळा_अकरा

काका, तुमचं वाचून तो गोल पुन्हा थांबवून थांबवून बघितला. नजर खरंच खाली जात नाही! ओडेन्सकर, तुमचेही आभार, लोकेरेनचं माहीत नव्हतं.

एक शंका राहिली. १९८६ च्या वर्ल्ड कपला मेक्सिकोत डेन्मार्क एवढं भारी खेळत होतं, मग स्पेनने ५-१ कसे मारले? त्यात एल्केर कुठे कमी पडला का? आणि इटलीतून तो इतक्या लवकर परत का गेला?

स्टॉपर_जुना

कमी पडला असं मला वाटत नाही. आधी तिथपर्यंतचा प्रवास बघ. स्कॉटलंडविरुद्ध १-०, गोल त्याचा. पश्चिम जर्मनीला २-०. आणि मधली ८ जूनची युरुग्वेची मॅच, ६-१, त्यात त्याचे ३. युरुग्वेचा बोस्सिओ १९ व्या मिनिटाला लाल कार्ड घेऊन बाहेर गेला हे खरं, पण एल्केरचा पहिला गोल त्याच्या आधीचा आहे. स्पर्धेत एकूण ४ गोल, आणि सर्वोत्तम खेळाडूंच्या यादीत मॅराडोना आणि शूमाखरनंतर तिसरा.

स्पेनच्या मॅचमध्ये डेन्मार्क पेनल्टीवर १-० पुढे होतं. हाफटाइम व्हायला दोनच मिनिटं होती, तेव्हा येस्पर ओल्सनने स्वतःच्या बॉक्सपुढे आडवा पास टाकला आणि तो स्पेनच्या बुत्रागेन्योला मिळाला. १-१. गोलीकडून बॉल घेतला होता, पुढे मारून टाकायचा, एवढं साधं काम. नंतर डेन्मार्क पुढे जात राहिलं, मागे जागा उघडी पडत गेली आणि बुत्रागेन्योचे एकूण चार झाले. आर्नेसनला जर्मनीच्या मॅचमध्ये लाल कार्ड मिळालं होतं, तो नव्हता. मिडफिल्डचा तोल तिथेच गेला, हे माझं मत. फॉरवर्डकडे बॉलच पोचत नसेल तर तो काय करणार?

वेरोनातून तो लवकर गेला असं म्हणता येणार नाही. चार सीझन खेळला. १९८६-८७ ला टीम चौथी आली, पुढच्या वर्षी युएफा कपच्या उपांत्यपूर्व फेरीत वेर्डर ब्रेमेनकडून हरली. तोवर दुखापतींनी अंग धरलं होतं. त्याचा सगळा खेळ त्या मुसंडीवर, आणि तशी मुसंडी मारणाऱ्याचे पाय तिशीला कुरकुरतातच, त्यात इटलीत तेव्हा मागून येणारे टॅकल रेफ्री सोडून द्यायचे. १९८८ ला तो डेन्मार्कला वायले क्लबकडे परतला आणि १९९० ला थांबला. वेरोनात मात्र त्याचं वजन टिकून आहे. तिथले लोक त्याला महापौर म्हणायचे, मोठ्या क्लबमध्ये वर्षाला तीस गोल मारून असं नाव मिळत नाही.

तुझ्या स्वतःच्या खेळासाठी विचारलंस म्हणून सांगतो. युरुग्वेची पूर्ण मॅच मिळव आणि गोल सोडून बाकीची बघ. बॉल दुसरीकडे असताना तो कुठे जातो, कोणत्या डिफेंडरच्या पाठीमागे उभा राहतो, पास मागायला आधी खाली येतो की सरळ पळतो. आपल्याकडचे फॉरवर्ड ऑफसाइडच्या रेषेवर उभे राहून बॉलची वाट बघतात, स्टॉपरला तेवढी विश्रांती मिळते. तो ती मिळू देत नाही.

ओडेन्सकर

थोडी भर. खेळ थांबवल्यावर १९९५-९६ ला सिल्केबोर्ग क्लबचा कोच झाला होता, ते फार चाललं नाही. मात्र टीव्हीवर तज्ज्ञ म्हणून तो इथे वर्षानुवर्षं आहे आणि आजच्या पोरांना ओळख आहे ती त्या चेहऱ्याची. बोलतो तसाच, जसा खेळायचा, सरळ अंगावर. फॉरवर्डने शॉट मारायच्या जागी पास दिला की त्याला पटत नाही.

रंकाळा_अकरा, सोव्हिएत युनियनची ती मॅच युरुग्वेच्या आधी बघ. लाउड्रुप आणि एल्केर एकमेकांसाठी जागा कशी करतात ते त्यात जास्त स्वच्छ दिसतं, कारण समोर अकरा माणसं पूर्ण वेळ होती.